मला सांगा. मी आई.

“आमच्या शेजारी ऐकू न येणारं कुटुंब राहायला आलंय. त्यांच्याशी बोलायचं कसं? आपल्याकडून काही चुकलं आणि त्यांना लागलं तर?” हा प्रश्न घेऊन माझ्याकडे सल्ल्याला बरेच जण येतात. विचारणाऱ्याच्या मनात बहुतेक वेळा खोट नसते. चुकायला नको म्हणून त्याने बोलणंच टाळलेलं असतं, आणि अगदीच अडलं तर त्या घरातल्या ऐकू येणाऱ्या कुणाला तरी मध्ये घेतलेलं असतं. हे मध्ये घेणं किती महागात पडतं, ते वंदनाताईंच्या बाबतीत मी फार जवळून पाहिलं. दोघी शेजारणींनी लिहायला परवानगी दिली आहे. नावं आणि ओळख पटेल असे तपशील मी बदलले आहेत.

वंदनाताई पन्नाशी ओलांडलेल्या. संसार परळच्या चाळीत झाला. चाळीचा पुनर्विकास झाल्यावर त्याच जागेवरच्या टॉवरमध्ये चौदाव्या मजल्यावर आल्या. चाळीत दारं दिवसभर उघडी, काही सांगायचं तर गॅलरीतून एक हाक पुरायची. टॉवरमध्ये दारं बंद झाली, पण सवय हाकेचीच राहिली. शेजारचा फ्लॅट विकत घेऊन रेश्मा, तिचा नवरा आणि चौथीतला मुलगा राहायला आले. नवरा-बायको दोघंही जन्मापासून कर्णबधिर, दोघंही नोकरी करणारे. मुलाला ऐकू येतं.

वंदनाताई आल्या त्या झोप लागत नाही म्हणून. पण दोन-चार वाक्यांतच विषय शेजारणीवर गेला. “मी वाईट बाई नाही हो मॅडम. पण मी भांडायला गेले तर ती चक्क हसते!”

झालं होतं असं. रेश्माच्या बाथरूमला लागून असलेल्या वंदनाताईंच्या स्वयंपाकघराच्या भिंतीला ओल धरली होती. रंगाचे पापुद्रे निघायला लागले होते, मसाल्याचे डबे ठेवायची फळी फुगली होती. त्यांनी ही गोष्ट रेश्माला कधीच सांगितली नाही. सांगितली ती मुलाला. लिफ्टमध्ये, जिन्यात, खाली खेळताना. “आईला सांग हं, भिंत ओली होतेय.” पोरगं मान डोलवायचं. महिना गेला, प्लंबर काही आला नाही. मग एका संध्याकाळी वंदनाताईंनी बेल दाबली, रेश्मा आणि मुलगा दोघं दारात आले, आणि यांचा पारा चढला. मुलाकडे बघत त्या ओरडल्या, “सांग तुझ्या आईला, उद्यापर्यंत प्लंबर आणला नाही तर मी सोसायटीत तक्रार करणार!” मुलाने आईकडे वळून हातांनी काहीतरी सांगितलं. रेश्मा हसली आणि बोटांनी ‘मस्त’ अशी खूण केली.

दुसऱ्या दिवशी वंदनाताईंनी खरंच तक्रार दिली. सेक्रेटरींची नोटीस गेली. त्याच रात्री रेश्माचा व्हॉट्सॲपवर मेसेज आला. तो दाखवायला त्यांनी फोन माझ्यापुढे धरला.

“तुम्ही खीर विचारली. मी मस्त बोलली. मग तक्रार का? मुलगा रडतो. मला सांगा. मी आई.”

“बघा ना, भाषा किती उर्मट! ‘मला सांगा’ म्हणे. हुकूमच.”

मी विचारलं, “यातलं खिरीचं काय आहे, वंदनाताई?”

त्या थांबल्या. भांडणाच्या आदल्या दिवशी त्यांनी शेजारी खीर पाठवली होती. सणवाराला, वाढदिवसाला त्या पाठवायच्याच. मन मोठं आहे त्यांचं. पण दारात खिरीचा विषय त्यांनी काढला नव्हता. मग तो आला कुठून? त्यांनी फोन मांडीवर ठेवला आणि माझ्या आधीच त्यांच्या लक्षात आलं. नऊ वर्षांच्या मुलाने समोर संतापलेली काकू बघितली, मागे आई बघितली, आणि आईला सांगितलं की काकू विचारतायत, खीर कशी झाली होती.

याला कुणी खोटेपणा म्हणेल. मी म्हणत नाही. दोन मोठ्या माणसांचं भांडण एका मुलाच्या हातातून जाणार होतं, ते त्याने आपल्यापाशीच अडवून ठेवलं. कर्णबधिर आई-वडिलांची ऐकू येणारी मुलं फार लहान वयात दुभाष्याचं काम करायला लागतात. बँकेत, दवाखान्यात, शाळेच्या पालकसभेत, जिथे शिक्षक मुलाबद्दल काय म्हणतात ते मुलगाच आईला सांगतो. आपण कौतुकाने म्हणतो, किती समजूतदार, आईचं सगळं करतो. त्या कौतुकाखाली मूल काय काय झेलतं ते आपल्याला दिसत नाही. आईबद्दलची अपमानाची वाक्यं पहिल्यांदा त्याच्या कानावर पडतात, आणि पुढे सांगायची की गिळायची हे त्यानेच ठरवायचं असतं. आग लागली, कुणी पडलं, तर अर्थातच जो ऐकू शकतो त्याला सांगा. पण पैसे, आजारपण, मृत्यू, तक्रार या गोष्टी मुलाच्या तोंडी देऊ नका. याबाबत मी कुणालाही सवलत देत नाही.

आता मेसेजच्या भाषेबद्दल. तो मेसेज उर्मट मुळीच नव्हता. आपण मराठी कानांनी शिकलो. ‘जरा’, ‘हं’, ‘ना’, ‘बरं का’ हे सगळं आईच्या बोलण्यातून आपोआप आलं. जन्मापासून ऐकू न येणाऱ्या माणसाला मराठी मिळते ती पुस्तकातून, फळ्यावरून, मोठ्या कष्टाने. रेश्माची रोजची भाषा भारतीय सांकेतिक भाषा आहे आणि त्या भाषेला स्वतःचं व्याकरण आहे. प्रश्नार्थक शब्द सहसा वाक्याच्या शेवटी येतो, ‘आहे-होते’ची गरज पडत नाही, आणि आपण जे ‘जरा’ आणि ‘हं’ने करतो ते तिथे भुवया, मान आणि चेहरा करतो. हा चेहरा मेसेजमध्ये उतरत नाही. म्हणून ‘मला सांगा’ वाचताना आपल्याला हुकूम ऐकू येतो. मी वंदनाताईंना म्हटलं, हेच वाक्य चेहऱ्यासकट वाचा. त्यांनी पुन्हा वाचलं. “म्हणजे ती म्हणतेय, मुलाला कशाला, मी आहे ना इथे.” बरोबर तेच.

यापुढे बराच वेळ त्यांच्या शंकांवर गेला, आणि त्या शंका सगळ्यांच्याच असतात. पहिली: “तिला ओठ वाचता येतात म्हणे, मग मी सावकाश बोलले की झालं ना?” मी त्यांना समोर बसवलं आणि आवाज न काढता तीन शब्द म्हटले: पाय, बाय, माय. त्यांना तिन्ही वेळा ‘माय’च दिसलं. प, ब, भ, म हे सगळे ओठ मिटूनच उच्चारले जातात, दिसायला एकसारखे. आणि क, ग, घ तर मागे घशाजवळ तयार होतात, ओठांवर त्यांचा पत्ताच नसतो. काम म्हटलं काय आणि घाम म्हटलं काय, बघणाऱ्याला फरक कळत नाही. ओठ वाचणारा माणूस थोडं बघतो आणि पुष्कळसं संदर्भावरून जुळवतो. त्यात आपण खिडकीकडे पाठ करून उभे राहिलो की चेहऱ्यावर अंधार, बोलता बोलता मान वळवली की वाक्य गेलं, तोंडापुढे हात घेतला की सगळंच गेलं. ओरडलं की ओठ वाकडेतिकडे होतात आणि दिसतो फक्त राग. एकेक अक्षर ताणून बोललं तरी तेच. साध्या गतीने, समोरून, उजेडात, आधी विषय सांगून बोला. “भिंतीबद्दल बोलायचंय” एवढं आधी लिहून दाखवलं तरी समोरच्याचं निम्मं काम होतं.

दुसरी शंका मशीनची. रेश्मा एका कानाला श्रवणयंत्र लावते. वंदनाताईंची समजूत अशी की चष्मा लावला की दिसतं, तसं मशीन लावलं की ऐकू येतं. तसं होत नाही. यंत्र आवाज मोठा करतं, आणि सगळेच आवाज मोठे करतं. पंखा, कुकरची शिट्टी, खालचा रस्ता. २०१६च्या दिव्यांग हक्क कायद्यात दोन्ही कानांना ७० डेसिबल वा त्याहून जास्त श्रवणदोष असलेल्याला, म्हणजे त्याहून हळू आवाज ऐकू न येणाऱ्याला, बधिर म्हटलं आहे. आपलं साधं बोलणं साधारण ६० डेसिबलच्या आसपास असतं. म्हणजे आपण शेजारी उभं राहून नेहमीसारखं बोललो तरी ते पोचतच नाही. तीव्र दोषात मोठा केलेला आवाजही स्पष्ट शब्द होऊन येईल असं नाही. रेश्माला यंत्रातून हॉर्न आणि कुत्र्याचं भुंकणं कळतं, शब्द नाहीत. ती ते लावते रस्ता ओलांडताना उपयोग होतो म्हणून.

आणि ते हसून मान डोलावणं? कर्णबधिर माणसं ते फार करतात. गर्दीत, ऑफिसात, लग्नात, जिथे काय चाललंय ते कळत नाही आणि दर वेळी “पुन्हा सांगा” म्हणायचा कंटाळा येतो किंवा लाज वाटते, तिथे हसणं हा सुटकेचा मार्ग असतो. आपण त्याला होकार समजतो. महत्त्वाचं असेल तेव्हा “कळलं का?” विचारू नका, कारण उत्तर ‘हो’च येणार. “मग प्लंबर कधी येईल?” असं विचारा. उत्तरावरून कळलं की नाही ते समजतं.

वंदनाताईंना हे सगळं पटलं, आणि मग त्या दुसऱ्या टोकाला गेल्या. आता तक्रार मागे घेते, भिंतीचं जाऊ दे, लाडू घेऊन जाते, पोराला जवळ घेऊन म्हणते आईला सॉरी सांग. म्हणजे पुन्हा पोरगंच. मी म्हटलं, भिंत ओली आहे ना? मग ते सांगायलाच हवं. ऐकू येणाऱ्या शेजारणीला तुम्ही सुनावलं असतं, तिने चार शब्द उलट दिले असते, दोन दिवस तोंड फिरवून झाल्यावर प्लंबर आला असता. तो हक्क रेश्मालाही आहे. बिचारी म्हणून तक्रार गिळायची, हेही तिला वगळणंच झालं.

आम्ही मेसेज लिहायला बसलो. वंदनाताईंचा पहिला खर्डा असा होता: “तुमच्यावर देवाने आधीच अन्याय केला आहे आणि मी पण त्यात भर घातली, माझं मन मला खातंय, रात्रभर झोप नाही…” मी त्यांना तो मोठ्याने वाचायला लावला. यात रेश्मा कुठे आहे, विचारलं. नव्हतीच ती त्यात. होती वंदनाताईंची झोप आणि देव. चार वेळा खोडून जे उरलं ते असं:

“मी दारात तुमच्या मुलावर ओरडले. ते माझं चुकलं. खिरीबद्दल मी बोलले नव्हते. माझ्या स्वयंपाकघराच्या भिंतीला ओल आहे. ती तुमच्या बाथरूममधून येते असं मला वाटतं. फोटो पाठवते. मला तुमच्याशी बोलायचं आहे. तुम्हाला कसं सोयीचं? लिहून, की दुभाषी बोलावून?”

छोटी वाक्यं, पण लहान मुलासाठी लिहिलेली नाहीत. आणि शेवटचा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा. कर्णबधिर माणसं सगळी एका पद्धतीने बोलत नाहीत. कुणाला ओठ वाचायला आवडतं, कुणाला लिहिणं, कुणी फक्त सांकेतिक भाषेत मोकळं होतं, कुणाला कॉक्लिअर इम्प्लांटमुळे, म्हणजे शस्त्रक्रियेने कानात बसवलेल्या उपकरणामुळे, फोनवरही बोलता येतं. आपण अंदाज बांधत बसण्यापेक्षा त्यांनाच विचारलेलं बरं.

उत्तर तासाभरात आलं. “छोटं लिहून चालेल. हे मोठं. दुभाषी पाहिजे. रविवार. मुलगा नको.”

रविवारी माझ्याकडे दोघी आल्या. दुभाषी रेश्माने तिच्या ओळखीतली सुचवली. मानधन वंदनाताईंनी दिलं, हट्टाने. बसायची जागा दुभाषी बाईंनी ठरवली. त्या वंदनाताईंच्या शेजारी, थोड्या मागे, म्हणजे रेश्माला एकाच नजरेत दोघी दिसाव्यात. मी खिडकीचा पडदा ओढून ट्यूब लावली. तरीही पहिली काही मिनिटं वंदनाताई दुभाषीकडे वळून म्हणत राहिल्या, “तिला विचारा की…” रेश्माने हात वर केला, त्यांचं लक्ष वेधलं आणि दोन बोटांनी आपले डोळे दाखवले. माझ्याकडे बघा. त्यानंतर सूर बदलला. “तुम्हाला माझा राग आला होता का?” वंदनाताईंनी थेट विचारलं.

राग आला होताच, आणि तो खिरीच्याही आधीचा होता. वर्षभर तुम्ही माझ्या मुलाशी बोलता, रेश्मा म्हणाली, लिफ्टमध्ये मी बाजूला उभी असते आणि तुम्ही त्याच्याशी हसून बोलता, मी घरी आल्यावर त्याला विचारते काकू काय म्हणाल्या, तो म्हणतो काही नाही. ‘काही नाही’ हे उत्तर तिने जन्मभर ऐकलं होतं. माहेरी सगळे जेवताना हसायचे, हिने विचारलं काय झालं, की “काही नाही, नंतर सांगते.” दिव्यांगांच्या डब्यात चढलं तर लोक विचारतात तुला काय झालंय, धडधाकट दिसतेस, कार्ड दाखवावं लागतं. ते तिने हसून सांगितलं. ‘काही नाही’चं सांगताना हसली नाही.

तिला थोडं तोंडाने बोलता येतं, हेही तेव्हा कळलं. लहानपणी शाळेत बोलण्याचाच सराव, हात वापरले की ओरडा. यामागे फार जुना इतिहास आहे. १८८० साली मिलानला बधिरांच्या शिक्षकांची परिषद भरली आणि शाळांतून सांकेतिक भाषा काढून तोंडी शिक्षण द्यावं असा ठराव झाला. जगभरच्या शाळांवर त्याचा परिणाम पुढे कित्येक दशकं राहिला, आपल्याकडेही. २०१० साली व्हँकुव्हरच्या परिषदेत त्या ठरावांबद्दल खेद व्यक्त झाला. रेश्माने कष्टाने कमावलेला तो आवाज ती इमारतीत वापरत नाही. जिन्यात एकदा मुलं हसली होती. कुणी कर्णबधिर व्यक्ती तुमच्यापुढे आवाजात बोलली तर तो विश्वास आहे. न कळल्यास “परत सांगाल का” म्हणा, पण चेहरा वेडावाकडा करू नका.

भिंतीचं काम वीस मिनिटांत मिटलं. रेश्माला ओल प्रत्यक्ष पहिल्यांदा दिसली ती त्या फोटोंतच. बाथरूमच्या टाइल्सचे सांधे उघडले होते. तिने ते भरून घेतले, भिंतीचा रंग वंदनाताईंनी केला.

पुढच्या भेटींत वंदनाताई मला बारीकसारीक विचारत राहिल्या. बेल वाजवून दार उघडत नाही, काय करू? रेश्माकडे बेलला दिवा जोडलेला आहे, पण ती झोपलेली असली की दिसत नाही. आधी मेसेज टाका. मागून खांद्यावर हात ठेवला तर चालतो का? हलकेच चालतो, पण शक्य असेल तर तिच्या नजरेच्या टप्प्यात येऊन हात हलवा. बोललेलं लिहून दाखवणारं लाइव्ह ट्रान्सक्राइब ॲप मराठीत चालतं का? चालतं, मात्र नावं आणि घरगुती शब्द चुकवतं, म्हणून स्क्रीनवर काय उमटलं ते आपण बघत राहायचं. वंदनाताईंनी सोसायटीच्या ग्रुपवर व्हॉइस मेसेज टाकणाऱ्यांना लिहून टाका म्हणून सांगायला सुरुवात केली. काही ऐकतात, काही नाही.

एकदा त्या खट्टू होऊन आल्या. हनुवटीवर त्यांना ठळक तीळ आहे. रेश्मा घरात त्यांचा उल्लेख करताना हनुवटीला बोट लावते, हे त्यांना कळलं होतं. व्यंग काढते का? मी उलट त्यांचं अभिनंदन केलं. सांकेतिक भाषेत दर वेळी नाव अक्षराअक्षराने कोण मांडणार? बधिर समाज माणसाला खुणेचं नाव देतो, आणि ते बहुधा डोळ्यांना पहिलं जे दिसतं त्यावरून असतं. खळी, कुरळे केस, चष्मा. जिच्याबद्दल बोलायचंच नाही तिला नाव कोण देईल? आता त्या स्वतःची ओळख त्याच खुणेने करून देतात.

खुणा शिकायच्या तर त्या शक्यतो कर्णबधिर माणसाकडूनच शिकाव्यात. वंदनाताईंनी रेश्मालाच विचारलं. ज्यांना शेजारी विचारायला कुणी नाही त्यांच्यासाठी दिल्लीच्या भारतीय सांकेतिक भाषा संशोधन व प्रशिक्षण केंद्राचा व्हिडिओ शब्दकोश आहे, २०२१च्या आवृत्तीत १०,००० शब्द आहेत. मुंबईत वांद्रे रेक्लमेशनला १९८३ पासूनची अली यावर जंग राष्ट्रीय संस्था आहे. श्रवणचाचणीपासून सांकेतिक भाषेच्या दुभाष्यांच्या प्रशिक्षणापर्यंतची कामं तिथे चालतात.

काही वाचकांच्या घरी वेगळा प्रश्न असेल: आजोबांना वयामुळे ऐकू येईनासं झालंय. त्यांच्यासाठी यातली सांकेतिक भाषा उपयोगाची नाही, कारण त्यांची भाषा मराठीच आहे आणि ती साठ-सत्तर वर्षं कानांनी जगलेली आहे. त्यांना आधी तपासणी हवी, मग यंत्र, मग टीव्ही बंद करून समोर बसून बोलणारं माणूस. ‘काही नाही, नंतर सांगते’ मात्र त्यांनाही तितकंच लागतं.

वंदनाताईंची झोप सुधारली आहे, पूर्ण नाही. त्याला घरातलं दुसरं एक कारण आहे आणि त्यावर आमचं काम चालू आहे. त्यांचे यजमान अजून रेश्माशी मोठ्याने बोलतात. सेक्रेटरी पाण्याची वेळ बदलली की अजूनही खाली खेळणाऱ्या मुलालाच हाक मारतात, आणि वंदनाताईंनी पाहिलं तर त्या सेक्रेटरींना टोकतात. येत्या वार्षिक सभेला दुभाषी असावा असं पत्र रेश्माने समितीला दिलं आहे. पत्र तिचं, खाली दुसरी सही वंदनाताईंची. समितीचं उत्तर अजून आलेलं नाही.